अस्वलाला घर

नऊ वर्षांची माझी मुक्ता मोबाइलवर गाव वसवण्याचा गेम खेळते. आज तिच्या गावात एक अस्वल तंबू ठोकून उतरलं. अशा पाहुण्याला नुसतं "राहतोस का?" विचारायचं, की रिकाम्या प्लॉटवर त्याचं घर उभं राहतं आणि दारात सामानाची खोकी दिसतात.

पण मुक्ता थांबली. स्क्रीनकडे बघत तिने गंभीरपणे विचारलं, "आडनाव काय तुमचं? घरात मासे शिजतात का?"

हे प्रश्न माझ्या ओळखीचे होते. भाड्याच्या घरासाठी आम्ही तीन सोसायट्यांच्या कमिटीपुढे बसून आलो. सगळे "कळवतो" म्हणाले, कळवलं कुणीच नाही. मुक्ता तेव्हा शेजारच्या खुर्चीत पाय हलवत बसायची. मला वाटायचं, तिचं लक्षच नाही. उद्या चौथी कमिटी. सकाळपासून मी उत्तरं मनात घोळवते आहे, आणि प्रत्येक वेळी माशांपाशी अडते आहे.

"मग, घेतलंस का अस्वलाला?" मी विचारलं.

"घेतलं ना. त्याला सांगितलं, खिडक्या लावून तळत जा." मग तिने आवाज खाली आणला. "आई, उद्या आपण काय सांगायचं?"