सातपुड्यातलं धरण आणि जमनीची पावलं

भुताखेतांवर माझा विश्वास नव्हता, आजही नाही. या सदरातल्या हडळी वाचून मी पोट धरून हसलोय. तेव्हा मला कुणी अंगारा-ताईत पाठवू नये... आधीच सांगून ठेवतो.

दुसरी मोठी लढाई सुरू व्हायच्या दोन-तीन वर्षं आधीची गोष्ट. चोपड्याच्या उत्तरेला सातपुड्याच्या एका घळीत छोटंसं मातीचं धरण बांधत होते, मी तिथे ओव्हरसियर. अशा धरणाच्या पोटात चिकणमातीची भिंत असते — खरं पाणी अडवते ती तीच. खालच्या गावातल्या बाया पायातली कडी काठावर काढून ठेवायच्या आणि ओळीनं अनवाणी ती माती तुडवायच्या. संध्याकाळी थर फळीनं गुळगुळीत करून ओलं गोणपाट अंथरलं, की सकाळपर्यंत त्यावर कुणी पाय ठेवायचा नाही.

या बायांची मुकादम अक्का. तिची लेक जमनी तुडवण्यात सगळ्यांत तरबेज. वैशाखात ती तापानं गेली. चौथ्या दिवशी अक्का कामावर हजर!

आठवड्याभरानं सकाळी गोणपाट उचललं, तर थरावर पावलं. काठापासून मधोमध गेलेली, तिथे दोन्ही पाय जोडून उभी राहिलेली... परतीची नाहीतच. मी बायांना झापलं, फळी फिरवायला लावली. दुसऱ्या सकाळी पुन्हा तेच. त्या संध्याकाळी मी स्वतः गोणपाटाला खुंट्या मारल्या. सकाळी खुंट्या जागच्या जागी — आणि खाली पावलं. डाव्या पायाला करंगळी नाही.

जमनीची करंगळी लहानपणी गाडीच्या चाकाखाली गेली होती. हे सगळ्यांना ठाऊक होतं. अक्का त्या पावलांपाशी येऊन बसली.

"भाऊ, ह्या मनी पोरना पाय शेतस. आठे खंदी दखा."

"अक्का, चार हात तुडवलेलं काम उकरू? पाऊस तोंडावर आलाय."

"मंग पाऊसमा बठ्ठा गाव वाही जाई."

बाया बकरं कापायचं बोलू लागल्या. "कापाल तर याद राखा!" मी ओरडलो. कामावरच्या इंजिनियर साहेबांना विचारलं, तर ते म्हणाले, गप्प थर चढवा. मला बायांचाही आणि साहेबांचाही संताप आला. पोर गमावलेली बाई एक साधी गोष्ट मागतेय, ती मात्र कुणी करेना! म्हटलं, नोकरी गेली खड्ड्यात. पहिली कुदळ मीच मारली.

खाली खडक लागला. पाया भरताना बुजवली म्हणून सांगितलेली भेग उघडीच होती आणि तिच्यातून बोटभर पाणी झुळझुळत होतं. तलाव भरला असता, तर त्याच वाटेनं धरण आतून पोखरलं गेलं असतं. त्या पाण्यात हात घालून अक्का मोठ्यानं रडली. मीही रडलो, लाज कसली?

भेगेतलं पाणी झिरपून माती मऊ झाली असेल, हे मला कळतं. पावलं कुणाची, कशी... हे आजही कळत नाही. तुम्हाला कळत असेल तर कळवा, पण हडळ सांगू नका.

भेग पाहून साहेब नरमले. "तपासणीत आढळलं असं लिही, आपल्या दोघांचीही अब्रू राहील." मी कामाच्या डायरीत लिहिलं — 'मयत जमनीची पावले दिसल्याने, तिच्या आईच्या सांगण्यावरून खणले. पावलांचे कारण माहीत नाही.'

"खोड ते. नाहीतर उद्यापासून येऊ नकोस."

दुसऱ्या दिवसापासून मी गेलो नाही.