केळ्यांचं भांडण आणि मंगळवार पेठेतला पंचनामा

ती घटना आठवली की आजही माझं डोकं गरगरतं. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले. उलगडा झाला की रात्री निवांत झोप लागायची. या प्रकरणाचा उलगडा झाला तेव्हा मात्र मी आधीपेक्षा जास्तच गोंधळलो.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. मी कोल्हापुरात एका ठाण्यात फौजदार होतो. सकाळची हजेरी आटोपत होती, तेवढ्यात आमचा जुना खबऱ्या आला. म्हणाला, "साहेब, मंगळवार पेठेत एका बाईनं कारखाना टाकलाय. पर्सांचा. फॉरेनच्या लेबलांचा ढीग पडलाय नुसता."

मला एवढं पुरेसं होतं. त्या काळात गल्लीत शिवलेल्या जीन्सच्या पँटींना परदेशी लेबल लावून विकणारे पैशाला पासरी होते. असे दोन खटले मी स्वतः उभे केले होते. स्टेशन डायरीला नोंद केली, दोन पंच आणि एक महिला कॉन्स्टेबल बरोबर घेतली आणि जीप थेट कारखान्याच्या दारात नेऊन उभी केली.

कारखाना म्हणजे एक लांब खोली. आठ मशिनी, अकरा बायका. मालकीण सीमेकडच्या लिंगायत घरातल्या, पंचेचाळिशीच्या, बोलण्यात मधूनमधून कानडी. सगळ्या त्यांना अक्का म्हणत. खोलीत रेक्झिनच्या पर्सांचे दोन ढीग होते. एका ढिगातल्या पर्सांना आत युरोपातल्या एका देशाचं लेबल, दुसऱ्या ढिगाला आपल्या देशाचं. आणि मधे, सतरंजीवर, सुट्या परदेशी लेबलांची रास.

"काय चाललंय बाई हे? ही फॉरेनची लेबलं कुणी लावायला सांगितली?"

"लावत न्हाय ओ साहेब, काढतोय की!"

मी हसलो. खरंच हसलो. "मला शिकवताय? आपल्या लेबलाला कुत्रं तरी विचारतं का? फॉरेनचं लेबल काढून आपलं लावायला कुणाला वेड लागलंय?"

"त्ये मला बी कळंना झालंय. पण काढतोय, ह्ये खरं हाय."

मी ऐकलं नाही. पंचनामा सांगायला लागलो. परदेशी लेबल लावून तयार झालेला माल एका बाजूस, लेबल बदलायचा राहिलेला माल दुसऱ्या बाजूस. पंचांनी सह्या केल्या. बाहेर गल्ली गोळा झाली होती. अक्कांना जीपमध्ये बसवत असताना एक सासूबाई आल्या आणि कामावरच्या आपल्या सुनेला दंडाला धरून घेऊन गेल्या. "चल घरला. पोलिस येत्यात तिथं काम नको आपल्याला."

ठाण्यात मी अक्कांना तीन तास विचारलं. गोडीनं विचारलं, दरडावून विचारलं. उत्तर तेच. माल मुंबईच्या एका एजंटानं दिला, तो एसटी स्टँडजवळच्या लॉजवर उतरलाय, परदेशी लेबल उसवून आपलं लावायचं आणि माल त्याला परत द्यायचा. शेवटी त्यांनी हात जोडले. "साहेब, एका मशिनीवर सुरवात केलतो मी. आज अकरा बायका हायत. माझ्यावर गुन्हा घातलासा तर उद्या एक बी येणार न्हाय. त्यांच्या घरची सोडायची न्हाईत."

मला राग येत होता, कारण बाई खोटं बोलताना दिसत नव्हती आणि खरं बोलणं तर शक्यच नव्हतं.

तेवढ्यात आमची महिला कॉन्स्टेबल मुद्देमालातल्या दोन पर्सा घेऊन आली. ती घरी शिवणकाम करायची.

"साहेब, रागवू नका, पण हे बघा. आपल्या लेबलाखाली जुन्या शिवणीची भोकं हायत. उसवल्याची. फॉरेनच्या लेबलाखाली जादा भोक एक पण न्हाय. अक्का खरं बोलतायत."

मी उजेडात धरून एकेक करत वीस पर्सा पाहिल्या. सगळीकडं तसंच. तयार माल म्हणून मी लिहिला होता त्याला कुणी हातही लावला नव्हता. माझा पंचनामा सपशेल उलटा होता!

सूर्यास्ताच्या आत अक्कांना घरी पाठवलं आणि एजंटाला लॉजवरून उचललं. टापटीप, पायात पॉलिश केलेले बूट. पाच मिनिटांत बोलायला लागला.

"साहेब, अमेरिकेनं युरोपातून येणाऱ्या असल्या पर्सांवर शंभर टक्के जकात लावलीय. तिथला माल इथं आणून, लेबल बदलून इंडियाचा म्हणून धाडला की ती लागत नाही."

"पर्सांवर? पर्सांनी अमेरिकेचं काय घोडं मारलंय?"

"पर्सांनी नाही साहेब. केळ्यांवरून झालंय ते."

मी टेबलावर हात आपटला. "केळी?"

त्यानं बॅगेतून इंग्रजी वर्तमानपत्राचं कात्रण काढलं. मी ते दोनदा वाचलं. मग विचारलं, "केळी अमेरिकेत पिकतात?"

"फारशी नाहीत."

"युरोपात?"

"तिथंही फार नाहीत."

"मग भांडतायत कशाला रे?"

तो बिचारा समजावत बसला. युरोप आपल्या जुन्या वसाहतींची केळी सवलतीनं घेतो, तिसऱ्या देशांतून केळी विकणाऱ्या अमेरिकी कंपन्यांना ते खुपतं, म्हणून अमेरिकेनं युरोपच्या भलत्याच मालावर राग काढला. पर्सा, पुठ्ठ्याची खोकी, चादरी. मी बोटं मोजली. केळी तिसऱ्याची, भांडण दोघांचं आणि त्यासाठी मी कोल्हापूरची बाई दिवसभर बाकावर बसवलेली. मेंदूचा पार भुगा झाला.

लेबल खोटं, मग ते परदेशी असो की आपलं, कायद्याला सारखंच. गुन्हा एजंटावर दाखल केला. पुढचा तपास कस्टमच्या लोकांनी नेला. लिहिलेला पंचनामा फाडता येत नाही, म्हणून पुरवणी पंचनामा करून चूक मान्य केली. वरिष्ठांनी मला उभं आडवं झाडलं, ते योग्यच होतं. अक्का साक्षीदार झाल्या. जबाबावर सही करण्याआधी त्यांनी तो ओळ न ओळ वाचून घेतला.

"'काढत होतो' असं लिवलंय न्हवं?"

"व्हय अक्का."

"मग सकाळी ह्येच लिवायला काय झालतं?"

आरोपी खोटं बोलतो हे आम्हाला शिकवावं लागत नाही. समोरचं माणूस पहिल्याच वाक्यात खरं बोललं तर काय करायचं, हे मात्र मला कुणी शिकवलं नव्हतं. ते मी त्या दिवशी शिकलो, पण दुसऱ्याच्या पोटावर पाय देऊन.

आठवड्यानं कळलं, अकरापैकी चारच बायका कामावर येतात. मी साध्या कपड्यात, पायी मंगळवार पेठेत गेलो. उरलेल्या सातही घरांच्या दारात उभा राहिलो, गल्लीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं सांगितलं की चूक पोलिसांची होती, अक्कांची नव्हती. कुणी मान डोलावली, कुणी दार लोटून घेतलं. दोघी परत आल्या, बाकीच्या आल्याच नाहीत.

त्यानंतर काही दिवसांनी अक्कांच्या कारखान्याच्या दारात गेलो. खोलीत पाच बायकांच्या जागा मोकळ्या होत्या. मी माफी मागितली. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, "बरं" म्हणाल्या आणि पुन्हा मशिनीवर बसल्या. आमच्या कोल्हापुरात दारात वैरी आला तरी चहा विचारतात. अक्कांनी मला विचारला नाही. मी परत फिरलो.