अप्पांनी थांबवलेली मालिका

नवऱ्याने टीव्ही लावला आणि त्या जुन्या तमिळ मालिकेचं शीर्षकगीत अमेरिकेतल्या मॉरिसव्हिलच्या आमच्या किचनपर्यंत आलं. भांडी घासता घासता अप्पा, माझे सासरे, आठवले.

मी पुण्याची, ते मदुराईचे. आमचं बोलणं मोडक्या इंग्रजीत. ते आमच्याकडे राहायचे तेव्हा मी ऑफिसातून दमून यायचे, आणि टीव्हीवर मालिकेतला सासरा सुनेवर खेकसत असायचा. मीही सबटायटल्स वाचत थोडा वेळ बसायचे. उठून किचनमध्ये गेले की अप्पा मालिका थांबवून बसायचे. मला वाटायचं, कॉफीसाठी खोळंबलेत. एकदा मी वैतागलेच, "अप्पा, प्लीज, यू वॉच!"

ते ओशाळले. "बट यू विल मिस द स्टोरी, मा."

आता अप्पा नाहीत. तमिळ मला सबटायटल्सशिवाय कळतं. हात पुसत बाहेर आले, तर मालिका बरीच पुढे गेली होती.