शकुबाईचं बोलणं

इंदापूरजवळच्या एका डाळिंबाच्या शेडमध्ये बायकांसाठी संडास हवा म्हणून पहिल्यांदा काम बंद पाडलं ते शकुबाईनं. पण तहसीलदारापुढं निवेदन वाचायला शिकलेली बाई हवी, म्हणून तिनंच शेजारच्या माधवीला पुढं केलं. माधवी पुढं गेली ती गेलीच. लाल बावट्याच्या युनियनची सेक्रेटरी झाली, एकदा आमदारकीला पडली आणि यंदा पक्षानं तिला राज्यसभेवर पाठवलं. शकुबाई अजून डाळिंबंच निवडत होती.

शेडमधल्या बायकांच्या हालांवरचं माधवीचं सभागृहातलं पहिलं भाषण तिथल्या पोरींनी मोबाइलवर लावलं. शकुबाईच्या पोटात दुखलं. "हे समदं माझंच बोलणं हाय," ती पुटपुटली आणि माधवीच्या सत्काराला गेली नाही.

सत्कार आटोपून माधवीच तिच्या दारात आली. "आक्का, रागावली व्हय?"

"जळतीय तुझ्यावर. खोटं कशाला बोलू?"

माधवी आत येऊन बसली. शकुबाईनं तिच्यापुढं चहा ठेवला. "आन् पोटुशा बायांचं बोलायचं राह्यलं तुझं. आठ आठ तास उभ्या ऱ्हात्यात त्या. लिवून घे."

माधवी भराभर लिहू लागली. शकुबाईला तिचं ते लिहिणंही सलत होतं, तरी ती सांगत राहिली.