नमुन्याचा चेहरा

पांढुर्ण्याला स्टेशन रोडवर माझा फोटो स्टुडिओ होता. ऐंशीच्या दशकातली गोष्ट. लग्नात रंगीत फोटो आले होते, पण पोटापाण्याचं काम काळ्या-पांढऱ्याचंच. फोटोच्या कागदाचं नवं पाकीट उघडलं, की आधी एक ठरलेली निगेटिव्ह त्यावर छापून पाहायची आमची रीत होती. एखादा कागद चेहरा धुऊन टाकायचा, एखादा काजळी धरायचा. चेहरा नेहमी तोच असला की कागदाचा गुण लगेच कळे. त्या निगेटिव्हला आम्ही ‘नमुना’ म्हणायचो.

माझा नमुना एक मुलगी होती. तिचं नाव इथं लिहीत नाही. तिच्या बाबतीत आजवर मी एकही गोष्ट विचारून केलेली नाही, निदान ही तरी न विचारता करू नये.

तिचे वडील तिगावला रेल्वेत गँगमन. स्थळासाठी फोटो काढायला तिला घेऊन आले. आल्या आल्या त्यांनी ‘जय भीम’ म्हटलं, मी नुसती मान हलवली. आरशापुढे पावडरचा डबा असायचा, प्रत्येक मुलगी तोंड पांढरं करून घ्यायची. हिनं डबा बाजूला सारला.

“नाही जी. जशी आहो तशीच येऊ द्या.”

मी म्हणालो, “पोराकडच्यायनं नापसंत केलं तं?”

“तं फोटोतच करू द्या. घरी येऊन, पोहे खाऊन नापसंत करतेत, त्याच्यापेक्षा बरं.”

वडील खो खो हसले. “आयकलं, भाऊ? अशी हाय आमची मास्तरीण!”

त्या हसण्यानंतर ती जरा वळली, तेव्हा मी बटण दाबलं. सावळा चेहरा, एका गालावर खिडकीचा उजेड, पांढरी साडी, खांद्यावरून पुढं आलेली काळी वेणी. पांढऱ्यापासून काळ्यापर्यंतच्या सगळ्या छटा एकाच फोटोत. पावडर नव्हती म्हणूनच त्या आल्या. तीन प्रती त्यांना दिल्या आणि निगेटिव्ह माझ्याकडे नमुना म्हणून ठेवली.

दोनेक वर्षं तिच्या चेहऱ्याच्या चाचणीच्या पट्ट्या माझ्या अंधाऱ्या खोलीत सुकत असत. सावसरला माझ्याच धंद्यातला एक मित्र होता. त्यानं फोटो मोठे करायचं नवं यंत्र घेतलं तेव्हा म्हणाला, “यार, तुझा तो नमुना दे ना, मशीन तपासून पाहातो.” मी दिला. छाप इतका सुरेख आला की निगेटिव्ह परत करण्याआधी त्यानं तो मोठा करून दुकानाच्या काचेत लावला. मला ठाऊक होतं. उतरव म्हणालो नाही. खरं सांगायचं तर छाती फुगली होती.

पुढं तिचं सावसरच्याच एका घरी जमलं. मुलगा सरकारी नोकरीत. पाहणं झालं, होकार आला. आणि आठवड्यात निरोप आला : तुमची मुलगी तर आमच्या बाजारात काचेत लागून आहे, कोणाच्या ओळखीनं लावला फोटो?

बाप तिला घेऊन माझ्याकडे आला. ती दाराशी उभी राहिली.

“भाऊ, खरं सांगजा. किती कॉप्या काढल्या होत्या तुमी?”

“तीन.”

“तीनच?”

“तीनच, काका.”

“मंग सावसरात कसा गेला? हे म्हणून राहिली का तिनं तिथं पायच नाही ठेवला.”

मी म्हणालो, “मले काय माहीत?”

बाप तिच्याकडे वळला. ती मात्र माझ्याकडे पाहत होती. तिला त्याच क्षणी कळलं होतं. बोलून उपयोग नाही हेही कळलं असावं.

दुपारच्या बसनं मी सावसर गाठलं आणि काचेतला फोटो काढून आणला. दुसऱ्या दिवशी बाप तिथं गेला, तर त्या जागी कुण्या नवरदेवाचा फोटो. मित्र म्हणाला, “कोणता फोटो, काका?” बापाला वाटलं की पोरीनंच कोणाकरवी उतरवला. पुरावा मी काढला, आळ तिच्यावर राहिला. लग्न मोडलं.

दुकानाचं नाव जाईल म्हणून खोटं बोललो, असं मी स्वतःला सांगत आलो. ते अर्धंच खरं. संत्र्याच्या बागा असलेल्या आमच्या नात्यातल्या एखाद्या मुलीचा फोटो मी नमुना केला असता का? कधीच नाही. गँगमनच्या मुलीसाठी कोण जाब विचारायला येणार, हे माझ्या मनात कुठंतरी पक्कं होतं.

पुढं काही वर्षांनी नागपूरला चुलतभावाच्या कॉलेजात प्रदर्शन पाहायला गेलो. कॉम्प्युटरच्या पडद्यावर एका परदेशी बाईचा फोटो होता. टोपी, पिसं, उघड्या खांद्यावरून मागं वळून पाहणारी.

चुलतभाऊ म्हणाला, “दादा, हा नमुना आहे. कॉम्प्युटरवर फोटो साठवायचं कोणतंही नवं गणित आलं की जगभर आधी हिच्यावरच करून पाहातात.”

“काहून हिच्यावरच?”

“केस, पिसं, कातडी, सगळ्या छटा एकाच फोटोत आहेत ना.”

“तिले विचारलं का कोणी?”

तो हसला. “तिले काय विचारायचं? फोटो आहे तो!”

मला तिथं उभं राहवेना.

त्याच महिन्यात बोरगावला गेलो. गँगमनची ती मुलगी तिथं बालवाडीत शिकवत होती, आई तिच्याजवळ राहायची. लग्न केलेलं नव्हतं. लहान मुलं कवायत करत होती. मी निगेटिव्ह तिच्या हातात दिली आणि सगळं सांगितलं. तिनं निगेटिव्ह उन्हाकडे धरून पाहिली.

“मले सांगून काय फायदा, भाऊ? मले माहीतच होतं. बाबाले सांगाचं होतं. ते मागच्या साली गेले.”

तिनं निगेटिव्ह पदराच्या टोकात बांधली.

“आई हाय घरी. तिले सांगता?”

गेलो. म्हातारीनं पाणी दिलं. मी म्हणालो, “काकू, तेव्हा स्टुडिओत काहीतरी घोटाळा झाला होता. तुमच्या पोरीची चूक नव्हती.” म्हातारीनं मान डोलावली. मुलगी चौकटीला टेकून उभी होती. तशीच, त्या दिवसासारखी माझ्याकडे पाहत.

“घोटाळा?” ती एवढंच म्हणाली, आणि रिकामा पेला उचलून आत गेली.

तेव्हा सांगायचं होतं ते आज इथं लिहितो. घोटाळा नव्हता, काकू. फोटो मी दिला, मीच उतरवला, आणि तुमच्या नवऱ्यासमोर मी खोटं बोललो. पोरगी खरं सांगत होती.