प्रतिवादी क्रमांक दोन

"बहीण आहे का तुम्हाला?"

बीडच्या कोर्टात, साक्षीच्या पिंजऱ्यात उभा होतो. विचारणारा माझ्या चुलत्याचा वकील. मी छाती काढून म्हणालो, "न्हाई."

त्यानं एक पिवळी पडलेली लग्नपत्रिका हातात दिली. "वाचा. मोठ्यानं."

वाचली. माझ्या अक्काच्या लग्नाची. खाली निमंत्रक म्हणून माझं नाव, नवरीपेक्षा मोठ्या अक्षरात. तसं छापायला प्रेसवाल्याशी मीच भांडलो होतो.

कोर्ट हसलं. शिपाईसुद्धा. मागच्या बाकावर तात्या, म्हणजे माझा चुलता, तोंडाला उपरणं लावून हसत होता. पत्रिका त्यानंच जपून ठेवलेली. आमच्या घरी एकही उरली नव्हती.

दावा असा. आजोबाची जमीन पाली गावाकडं, धरणाखालची बागायती. बाप वारला तेव्हा मी ऊसतोडीला गेलतो. परत आलो तर सातबाऱ्यावर एकटा तात्या. विचारायला गेलो, तर त्यानं चपला काढतात तिथंच उभा केला. आत इलेक्शनची बैठक चाललेली.

"तुझ्या बापानं तोंडी सोडलंय बे सगळं. कोयता हाय ना हातात? मग जमीन कावून पाहिजे?"

दहा-बारा माणसं चहा पीत होती. कुणी मान वर केली नाही. मीही "बरं तात्या" म्हणून निघालो. घाईत दुसऱ्याचीच चप्पल घातली, हे घरी आल्यावर कळलं.

त्या रागात वाटणीचा दावा टाकला. माझ्या वकिलानं आधीच विचारलं होतं, "बहिणी किती? एक वारस सुटला तरी दावा पडतो." म्हणालो, एकबी न्हाई. वंशावळीच्या प्रतिज्ञापत्रावर बापाच्या नावाखाली एकच रेघ ओढली. माझी. अक्काचं लग्न झालंय, वाटा कशाला फोडायचा? लई हुशार झालो होतो.

साक्षीच्या दिवशी कोर्टाबाहेर लिंबाखाली तात्या आला. जन्मात पहिल्यांदा माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"मी तुझ्या बापाचं नाव खाल्लं, तू बहिणीचं. माझ्याच रक्ताचा निघालास बे! असं कर, तिच्याकडून हक्कसोडपत्र आण. रस्त्याकडचा तुकडा तुला देतो. मिटवू."

तो तुकडा डोळ्यापुढं आला. हिरवागार. 'हो' जिभेवर होतं. पण तात्याचा हात खांदा चाचपत होता, बाजारात बैल पारखतात तसा. मी तो काढला.

"न्हाई तात्या."

एवढंच.

दुसऱ्या दिवशी तेलगावजवळ अक्काच्या दारी गेलो. तीही तोडीला निघालेली, ट्रॅक्टरवर भांडी चढवत होती. सगळं सांगितलं. म्हणालो, "अर्ज करून तुझं नाव घालू. सही दे, माझ्याशेजारी वादी हो."

ती ओरडली नाही. घागर दोरीनं बांधत म्हणाली, "तात्यानं मला मारलं न्हाई. तू मारलंस. कंदी मेली, ते कोर्टात कुणी इचारलं न्हाई का?"

मी दोरीचं टोक धरून उभा.

"तुझ्याशेजारी न्हाई यायची. तुझ्यासमोर उभी कर मला."

वकील म्हणाला, तसंही करता येतं. वाटणीच्या दाव्यात प्रतिवादीलाही वाटा मिळतो. पण उशीर झालाय. कोर्टानं अर्ज नाही घेतला तर दावा पडला, आणि तात्या आत्ताच गिऱ्हाईक शेतात फिरवतोय. मग जन्मभर कोयताच.

अर्जात त्यानं लिहिलं, नजरचुकीने नाव राहिले.

"खोडा ते," मी म्हणालो. "जाणूनबुजून लिहा."

"खोट्या प्रतिज्ञापत्रात तुम्हीच अडकाल."

"अडकू द्या."

खोडलं. अर्जावर तात्या प्रतिवादी क्रमांक एक, अक्का क्रमांक दोन. माझ्या बाजूला कुणी नाही. पुढच्या तारखेला पिंजऱ्यात चढलो की कुणी विचारायच्या आत सांगणार आहे, बहीण आहे. थोरली आहे. जिवंत आहे. तिचं नाव मी खाल्लं, माझ्या बापाचं ह्यानं. दोन्ही नावं त्या सातबाऱ्यावर चढल्याबिगर मी खाली उतरणार नाही. हसा आता.