रविवारचं मडकं

मला लिहायची सवय नाही. आमच्या घरात दहावीच्या पुढे गेलेला मी पहिलाच, त्यामुळे वार्षिक अंकासाठी लिही म्हटलं की आधी वाटतं, आपण कोण लिहिणारे? ज्यांच्याबद्दल लिहितोय त्यांनीही हेच विचारलं असतं, जरा आणखी तिखट शब्दांत. तरी माफी मागून लिहितो. मी नाही लिहिलं तर दुसरं कोणी लिहिणार नाही. ज्याने लिहायला हवं होतं तो सध्या मुलाखती देतोय.

आधी एक टक्कल डोळ्यांसमोर आणा. त्यावर गेरूचे डाग. खाली बनियन, चौकटीची लुंगी. माणसाने दोन्ही हातांत एक लाल मडकं धरलंय. "आधी माझं," एवढं म्हणून तो ते मडकं स्वतःच्या टकलावर आपटतो. फच्च. सात-आठ तुकडे खाली. मान झटकून तो शेजारचं, तसंच दुसरं मडकं तुमच्या हातात देतो. "जा. नटाला लागणार नाही."

घाटकोपरला भटवाडीत, चढावरच्या चाळीमागे, पत्र्याच्या शेडमध्ये हे काका, सगळे त्यांना काकाच म्हणायचे, नाटकांच्या वस्तू बनवायचे. देवांचे मुकुट, तलवारीच्या मुठी, रबराचे मासे, कापलेला हात. सगळं साच्यातून काढलेलं. मडकं फुटलं की आतल्या खोलीतून काकी ओरडायच्या, "फोडा, फोडा! भुतूर काय आसा ता तरी कळांदे!"

कॉलेजच्या एकांकिकेत माझ्याकडे प्रॉपर्टी होती, म्हणजे रंगमंचावर लागणाऱ्या वस्तू. विषय पाणी. त्या वर्षी अर्ध्या कॉलेजांनी पाणीच घेतलं होतं. तुम्ही परीक्षकांच्या मागे बसला असाल तर त्यांचे सुस्कारे ऐकले असतील. आमच्या नायिकेने शेवटी टँकरवाल्याच्या डोक्यात मडकं फोडायचं होतं. मी कुंभाराकडून खरं मडकं घेऊन काकांकडे गेलो.

"हे कोणाच्या डोक्यात घालणार?"

"टँकरवाल्याच्या. सिद्धेश म्हणून आहे, तो करतो."

"त्याला खरोखर मारायचाय? मग हेच ने. माझ्याकडे कशाला आलास?"

नमुना म्हणून आणलंय, असं मी कसंबसं म्हणालो. त्यांनी माझे हात उलटसुलट करून पाहिले आणि बादली पुढे सरकवली. "धू. आणि तो मोबाइल तिकडे ठेव. प्लास्टर कोणासाठी थांबत नाही. मंत्र्यासाठी पण नाही."

त्या मडक्यावरून त्यांनी रबराचा दोन भागांचा साचा केला. सायकलच्या ट्यूबच्या पट्ट्यांनी तो घट्ट बांधायचा. प्लास्टरमध्ये खडूची पूड, म्हणजे ते कमजोर होतं. आणि गेरू, कारण फुटल्यावर आतून पांढरं दिसलं तर पाचव्या रांगेतला माणूस हसतो. हे कालवण साच्यात ओतायचं, फिरवायचं, उरलेलं बाहेर काढायचं. मी हळूहळू फिरवत होतो तर ओरडले, "बाळ झोपवतोस काय रे झिला? चहाचा कप विसळतात तसं फिरव!"

मग त्यांनी माझा तळवा साच्यावर ठेवला. आतलं प्लास्टर धरत होतं, साचा गरम लागत होता.

"गरम झालं?"

"हो."

"आता हात काढ. त्याचं त्याला बसू दे."

तयार मडक्याच्या गळ्यात, आतल्या बाजूला, ते खिळ्याने वार कोरायचे. सोमवारचं असेल तर 'सो'. कारण हे मडकं ओलसर असेपर्यंतच सहज फुटतं. "ताजी भाकरी मोडते, शिळी भाकरी दात पाडते. मडक्याचं तेच. ज्या दिवशी ओतलं त्या दिवशी फोड. उरलं तर तेही फोड. शपथ घे." मी घेतली.

आमची प्राथमिक फेरी बुधवारी होती. त्यासाठी ओतलेल्या तीन मडक्यांपैकी एक त्यांनी मला पूर्ण स्वतःच्या हाताने करू दिलं. वारसुद्धा मीच कोरला, 'बु'. नेमकं तेच उरलं. ते मी फोडायला हवं होतं. नाही फोडलं. घरी नेऊन आईला दाखवलं. कॉलेजात मी नक्की काय करतो हे तिला कधी नीट सांगताच आलं नव्हतं. तिने ते कपाटावर, मिक्सरच्या खोक्याशेजारी ठेवलं. मी फोटो काढून स्टेटसला टाकला: माझं पहिलं मडकं.

काकांना राग कशाचाही यायचा. सुकलेल्या ब्रशचा, साच्यातल्या बुडबुड्याचा, वेळेवर न येणाऱ्या पोरांचा. एका गोष्टीचा मात्र आला नाही कधी, आणि तो आता मला येतो. स्पर्धा असली की ते शेवटच्या रांगेत बसायचे. प्रयोगाआधी नावं पुकारतात ना, प्रकाश अमुक, संगीत तमुक, रंगभूषा, वेशभूषा, "आणि इतर". 'इतर' आलं की काका शेजारच्याला कोपराने ढोसून हात वर करायचे. "मी तो."

अंतिम फेरी अठरा दिवसांनी, रविवारी दुपारी, मुलुंडला. सकाळी मी काकांकडून दोन ताजी मडकी घेतली. 'र' कोरलेली. तिसरं त्यांनी नेहमीसारखं टकलावर फोडलं.

आमचा दिग्दर्शक सीनियर होता, त्याला आम्ही दादा म्हणायचो. विंगेत त्याने एक मडकं तालमीत फोडून पाहिलं. कशाला, तर "फील" यावा म्हणून. दुसरं पोरांनी सरकवलेल्या लेव्हलखाली, म्हणजे लाकडी चौथऱ्याखाली, आलं.

"मी काकांकडे जातो," मी म्हणालो.

"आणि ते ओतणार कधी, वाळणार कधी? तुझ्या घरी एक आहे ना? स्टेटसला होतं की! रिक्षा पकड, घेऊन ये."

"दादा, ते अठरा दिवसांचं आहे. कडक झालं असेल."

"प्लास्टर आहे यार, दगड नाही. त्या म्हाताऱ्याने तुला पण मंत्र शिकवले काय?"

सगळे हसले. मीही थोडं हसलो. हे लिहायला नको वाटतंय, पण हसलो. आणि जाऊन मडकं आणलं.

तुमच्यापैकी बरेच जण तेव्हा प्रेक्षागृहात होतात. तुम्ही पाहिलंत. पहिल्या घावाला मडकं फुटलं नाही. कोणीतरी हसलं. हसू ऐकून नायिका बिथरली आणि तिने दुसरा घाव सगळा जोर लावून घातला. सिद्धेश गुडघ्यांवर आला, कपाळावरून रक्त आलं, आणि तुम्ही टाळ्या वाजवल्यात. तुम्हाला ते नाटकातलंच रक्त वाटलं. तुमच्यावर रागावून काय करू? पण त्या टाळ्या अजून कानात आहेत. पडदा पडल्यावर तुकडे मी गोळा केले. गळ्याचा तुकडा, 'बु' कोरलेला, बॅगेत टाकला.

सिद्धेशला सात टाके पडले. आता तो बरा आहे, केसांनी खूण झाकतो. दादाने संध्याकाळच्या आत आयोजकांना पत्र दिलं: मडकं सदोष होतं, बनवणाऱ्याने निष्काळजीपणा केला. त्या पत्रात काकांचं नाव आडनावासकट लिहिलं होतं. इतकी वर्षं जो माणूस 'इतर' होता, त्याचं पूर्ण नाव पहिल्यांदा लिहिलं गेलं ते तक्रारीत! म्हणून मी ते इथे लिहीत नाही. पत्राचा फोटो कॉलेजांच्या सगळ्या ग्रुपवर फिरला.

दोन दिवसांनी काका कॉलेजात आले. इस्त्रीचा शर्ट, पायांत चप्पल. त्या कपड्यांत मी त्यांना ओळखलंच नाही. आमच्या नाट्यमंडळाचे सर होते, दादा होता. काकांनी दादाकडे पाहिलंही नाही.

"गळ्याचा तुकडा कुठाय?" त्यांनी मला विचारलं.

"झाडून टाकला." बॅग माझ्या खांद्यावर होती.

"रविवारचंच होतं ना, झिला?"

सर नुकतेच पोलिसांचं काहीतरी बोलले होते. दादा माझ्याकडे बघत होता. बाबा मला रोज निघताना सांगायचे, कुठल्या लफड्यात अडकू नकोस. कारणं सांगतोय, सुटका मागत नाही.

"हो," मी म्हणालो. "रविवारचंच."

मला वाटलं होतं, ते ओरडतील. माझी बॅग ओढतील. खोटं बोलतोस मेल्या, म्हणतील. मला ते हवं होतं. पण त्यांनी फक्त मान हलवली. "मग माझीच चूक," म्हणाले, आणि जिन्याने उतरून गेले. दादाने माझ्या पाठीवर थाप मारली. त्या थापेचा मला आजही इतका राग येतो की पाठ धुवून काढावीशी वाटते.

त्यानंतर मी भटवाडीच्या चढावर गेलो नाही. परीक्षा होत्या, पार्टटाइम नोकरी होती. हे सगळं खरं आहे आणि सगळं खोटं आहे. दीड वर्ष तो तुकडा माझ्या पुस्तकांमागे होता.

गेल्या महिन्यात दादाची मुलाखत पाहिली. नवीन पोरांना तो सांगत होता, रंगभूमीवर खरेपणा लागतो. मी फोन बंद केला, तुकडा खिशात टाकला आणि निघालो.

शेड उघडी होती. काकी दारात तांदूळ निवडत होत्या. त्यांनी मला लगेच ओळखलं.

"काका आहेत?"

"गेले रे. शिमग्याच्या आधी. झोपेतच." सूप बाजूला ठेवून त्या म्हणाल्या, "तुका कोणी सांगूक नाय?"

कोण सांगणार? ग्रुपवर काहीच आलं नव्हतं.

आत फळीवर मडक्यांचे गळे ओळीने मांडलेले होते. पन्नास असतील, जास्तच. प्रत्येकावर वार. सो, मं, बु, गु. काकी सांगत होत्या: कोणी काम देत नव्हतं तरी आठवड्याला एक तरी मडकं ओतायचे. कधी खडू वाढव, कधी पाणी कमी कर. मग टकलावर फोडायचे आणि गळा जपून ठेवायचे. "म्हणत, पोराचो हात चांगलो, माझाच कायतरी चुकला. कुठे ता सापडाक होया."

मी खिशातला तुकडा त्यांच्या हातावर ठेवला. काय झालं ते सांगितलं. सगळं, स्टेटससकट. त्यांनी तुकडा उजेडात धरला, 'बु'वरून बोट फिरवलं, फळीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"मगे मेल्या," त्या म्हणाल्या, "तुझे काका इतके दिवस कसली चूक शोधी होते?"